ओलुफिनाकाकूंचा धूर

ग्रोविकाच्या शाळेत मी रुजू झाले त्या पहिल्याच आठवड्यात एक मुलगी वर्गात उभी राहून म्हणाली, "बाई, ओलुफिनाकाकू आल्यात." मी दाराकडे पाहिलं. कोणीच नव्हतं. मुलं हसायला लागली. दोन मिनिटांनी खरोखरच काकू दारात उभ्या राहिल्या. हातात कागदात गुंडाळलेला मासा होता आणि अंगाला धुराचा असा काही वास होता की तो त्यांच्या आधी पोचायचा. "नव्या बाईंना खायला," एवढंच बोलून त्या परत फिरल्या.

उत्तर ध्रुवाकडच्या समुद्रातल्या सोरोया बेटाच्या पश्चिम टोकाला आमची वस्ती, एकोणीस घरांची. शेवटच्या घराच्या पुढे खडकावर काकूंचं धुरीघर होतं. नवरा पेडर बोटीसकट बुडाला तेव्हा त्या एकोणचाळीस वर्षांच्या होत्या. तेव्हापासून वस्तीतला मासा आणि शरदात कापलेल्या मेंढ्यांच्या मांड्या त्याच धुरवायच्या. कोणतं लाकूड कधी घालायचं, दार किती इंच उघडं ठेवायचं, वारा फिरला की काय करायचं, हे त्यांना कोणाला विचारावं लागत नसे. आणि त्याबद्दल त्या कोणाला सांगायच्याही नाहीत.

त्यांचा धाकटा दीर हिलमार मात्र बोलण्यात सगळ्या वस्तीला पुरून उरणारा. धक्क्याजवळ त्याचं पांढरं रंगवलेलं घर होतं, आणि त्या घराचा त्याला फार अभिमान. काकूंची आई सामी होती, म्हणजे उत्तरेतल्या मूळ रहिवाशांपैकी, खाडीच्या आतल्या अंगाला मातीच्या खोपटात राहणारी. कोणाच्या लग्नात दोन पेले पोटात गेले की हिलमार हमखास म्हणायचा, "आमच्या दादानं बायको बिळातून उचलून आणली!"

काकू ताटातून मान वर न करता म्हणायच्या, "बीळ उबदार होतं, भावजी. तुमच्या पांढऱ्या घरात रात्री पाण्याची बादली गोठते."

चव्वेचाळीस साली ऑक्टोबरच्या अखेरीला, चार वर्षं आमचा देश बळकावून बसलेलं जर्मन सैन्य पूर्वेकडून मागे हटायला लागलं. जाताना मागे काही ठेवायचं नाही, असा त्यांचा हुकूम होता. माणसांनी बोटीत बसून दक्षिणेला जायचं, घरं ते जाळणार. माझ्या वर्गातच वस्तीची बैठक भरली. मोठी माणसं मुलांच्या बाकांवर गुडघे वर करून बसली होती. निम्मी माणसं जायला तयार झाली, त्यांना दोष कोण देणार? बाकीचे आम्ही राहिलो. तोर्लाइफ नावाचा एक कोळी होता, तिशीतला, अबोल. त्याला दरीच्या वरच्या बाजूला एक गुहा माहीत होती. पाणमांजराची शिकार करताना त्याला ती सापडली होती. आम्ही त्रेचाळीस जण सामान पाठीवर घेऊन तिकडे चढलो. तोर्लाइफशी पुढे मी लग्न केलं, पण तेव्हा तो मला "बाई, पाय जपून" याच्यापलीकडे काही बोलला नव्हता.

तीन दिवसांनी जर्मन आले. वरच्या कड्याआड पडून आम्ही पाहिलं. एकेका घरात दोघं शिरायचे, बाहेर यायचे, आणि मग खिडक्यांतून आग निघायची. हिलमार माझ्या शेजारीच पालथा पडला होता. त्याच्या घराचं छप्पर कोसळलं तेव्हा तो काहीच बोलला नाही. त्याला गप्प बसलेलं मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिलं. काकूंनी हळूच त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि लगेच काढूनही घेतला.

गुहा तीस पावलं लांब होती, तोंडाशी चार पावलं रुंद. तोंडावर शिडं आणि बोटींवरची ताडपत्री टांगली. हिलमारने तेलाचं पिंप कापून चूल केली; हाताला तो कुशल होता, हे मान्य करायला हवं. पण चूल पेटली की धूर गुहेच्या तोंडातून सरळ वर चढायचा. जर्मनांच्या गस्ती बोटी रोज किनाऱ्याने फिरत होत्या.

"उजेडात चूल पेटवायची नाही," हिलमारने सांगून टाकलं. "दुपारचा जो काय उजेड असेल त्यात एक काडीसुद्धा नाही. आणि अंधारात आगीचा उजेड दिसतो, म्हणून अंधारातही नाही."

"मग पेटवायची कधी?" आस्लाउगने विचारलं. तिचं बाळ तीन महिन्यांचं होतं. भिंतींवरून पाणी झिरपून तिथेच गोठत होतं, आणि ती बाळाला स्वतःच्या सदऱ्याच्या आत बांधून बसायची.

"युद्ध संपल्यावर," हिलमार म्हणाला.

काकू कोपऱ्यात मासे मोजत होत्या. त्या उठल्या, बाहेर गेल्या आणि बराच वेळ आल्या नाहीत. परत आल्या तेव्हा म्हणाल्या, "फावडी किती आहेत?"

धुरीघरात मासा शिजू द्यायचा नसतो, फक्त धुरवायचा असतो. त्यासाठी आग दूर ठेवतात आणि धूर जमिनीतल्या चरातून निववून आणतात. काकूंनी तेच उलटं केलं. चुलीपासून निघून डोंगराच्या कडेने वर जाणारा चर त्यांनी आमच्याकडून खणून घेतला, चौदा पावलं लांब. वर सपाट दगड, दगडांवर गवताच्या मुळांसकट कापलेल्या मातीच्या लाद्या, त्याच्यावर बर्फ. चराचं वरचं टोक कड्याखाली पडलेल्या मोठमोठ्या दगडांच्या राशीत सोडलं. धूर तिथवर येईपर्यंत थंड व्हायचा, आणि मग शेकडो फटींतून थोडा थोडा झिरपून वाऱ्यावर उडणाऱ्या बर्फात मिसळून जायचा.

चाचणीसाठी तोर्लाइफ दुपारच्या उजेडात होडी वल्हवत समुद्रात गेला. दोन तासांनी परत आला.

"काय दिसलं?" सगळ्यांनी एकदम विचारलं.

"डोंगर," तो म्हणाला.

"वास तर येतोच की," हिलमार नाक वर करून म्हणाला.

"तुम्हाला येतो, भावजी. तुम्ही तेरा वर्षं माझ्याकडचं फुकट खाताय."

हशा झाला. गुहेत आल्यापासूनचा पहिला. बाळही दचकून जागं झालं, पण रडलं नाही. त्याच्या अंगात ऊब आली होती.

त्या दिवसापासून चुलीची मालकी काकूंकडे गेली. सूर्य न उगवणाऱ्या त्या हिवाळ्यात उजेडाच्या दोन तासांत फक्त खुरट्या झुडपांची सुकी मुळं. दलदलीतली जळाऊ माती अंधार झाल्यावरच. समुद्रातून वाहून आलेलं ओलं लाकूड कधीच नाही. वारा ईशान्येचा असला की चूल बंद आणि सगळ्यांनी एकमेकांना चिकटून बसायचं. बर्च झाडाच्या फांद्या जमिनीवर कशा अंथरायच्या, बुटात सुकं गवत कसं कोंबायचं म्हणजे पाय कोरडे राहतात, हेही त्यांनीच शिकवलं. हे सगळं त्यांच्या आईचं होतं. त्या तसं म्हणाल्या नाहीत, पण सगळ्यांना ते कळत होतं, आणि हिलमारही बुटात गवत कोंबत होता.

मी शाळा भरवत होते. अकरा मुलं, दोन पाट्या. जानेवारीपर्यंत आस्लाउगच्या बाळाला दात आला आणि सबंध गुहेने बोट घालून तो तपासला.

मग बातमी आली. पलीकडच्या खाडीत जर्मनांनी एक गुहा शोधून काढली होती. माणसांना धरून नेलं होतं. तोर्लाइफच्या हाताखाली तोवर सात जण जमले होते, पाच रायफली आणि पूर्वेकडून आलेल्या आपल्या सैनिकांनी दिलेली एक मशीनगन. तो चुलीशी येऊन बसला.

"एकेक खाडी धुंडाळत येताहेत," तो म्हणाला. "पुढची आपली. धक्क्यावरून दोन वाटा निघतात. आपल्या दरीने वर आले तर थेट दारात. उत्तरेच्या घळीने गेले तर ती अरुंद आहे, तिथे आम्ही त्यांना अडवू शकतो."

"ते घळीने कशाला जातील?" हिलमारने विचारलं.

"तीच तर अडचण आहे. कोणीतरी बोलवायला हवं."

काकूंनी मुळांचा एक तुकडा चुलीत सरकवला. "घळीच्या माथ्यावर कोळ्यांचं जुनं खोपट आहे ना? त्याला अजून छप्पर आहे?"

"अर्धं."

"पुरे. मी बोलावते."

दुसऱ्या दिवशी हिलमारने विचारलं, एवढ्या थोड्या ओल्या जळाऊ मातीने कितीसा धूर होणार, मोठा लोट का काढायचा नाही? तेव्हा काकू जे बोलल्या ते मला अजून जसंच्या तसं आठवतं. "मोठा लोट काढला की त्यांना कळेल, मुद्दाम काढलाय. निष्काळजी माणसाचा धूर वेगळा असतो. तो मध्येच येतो. मग घरातलं कोणीतरी ओरडतं आणि तो थांबतो. थोड्या वेळानं पुन्हा येतो."

"तुम्ही एकट्या जायचं नाही, वहिनी," हिलमार म्हणाला.

"मग टोपली उचला."

चार दिवस ते दोघं अंधारातच खोपटात जाऊन बसत आणि अंधार पडल्यावर परत येत. पाचव्या दिवशी सकाळी अकराच्या सुमारास, आकाश निळं व्हायला लागलं तेव्हा, पहारेकऱ्याने धावत येऊन सांगितलं की गस्ती बोट खाडीत शिरली आहे. ठरल्याप्रमाणे मी चुलीवर बर्फ ओतला. मुलांना गुहेच्या टोकाशी नेलं आणि कुजबुजत पाढे म्हणायला लावले. सहाचा पाढा चालू असताना पहिली गोळी वाजली. एक मुलगा थांबला. "सहा सक?" मी विचारलं. "छत्तीस," तो म्हणाला.

बाहेर काय झालं ते तोर्लाइफने मला एकदा सांगितलं आणि हिलमारने निदान चाळीस वेळा. दोन्ही ताडून पाहून मी हे लिहिते आहे.

बारा जर्मन उतरले. जळक्या घरांमध्ये ते थोडे घुटमळले. त्यांच्यातल्या एकाने दुर्बीण आमच्या दरीकडे वळवली. त्याच वेळी घळीच्या माथ्यावर पांढुरका धूर उठला आणि लगेच विरला. दुर्बीण तिकडे वळली. पुन्हा धूर उठला, थोडा जास्त. मग बारा जण एका रांगेत घळीकडे निघाले, मांडीएवढ्या बर्फातून.

तोर्लाइफने त्यांना अरुंद जागेपर्यंत येऊ दिलं. मग त्याच्या माणसांनी दोन्ही कड्यांवरून गोळ्या झाडल्या. मशीनगन थोडा वेळ चालली आणि अडकली. जर्मन दगडांआड पडून नेमके नेम धरायला लागले. शेजारच्या खाडीतला आर्नफिन, बावीस वर्षांचा, मशीनगन सोडवायला गुडघ्यावर उठला आणि तिथेच पडला. तोर्लाइफच्या डाव्या हाताची दोन बोटं गेली, ते त्याला नंतर कळलं.

आता बोटीवरची तोफ सुरू झाली. तिला घळीतले आपले लोक दिसत नव्हते. तिला एकच गोष्ट दिसत होती, खोपटातला धूर. पहिला गोळा खाली पडला, दुसरा वर.

"वहिनी, चला!" हिलमार ओरडला. "आले ना ते घळीत? झालं आपलं काम!"

"धूर थांबला की तोफ पोरांवर वळेल," काकू म्हणाल्या आणि उरलेली सगळी ओली माती त्यांनी एकदम आगीवर टाकली. "आता निष्काळजी व्हायला हरकत नाही."

दोघं खोपटामागच्या खडकाआड जाऊन पडले. गोळे येत राहिले. हिलमारच्या हिशोबाने तीस. तोर्लाइफ म्हणतो, नऊ असतील. शेवटच्यापैकी एकाने खोपट उडवलं आणि त्यातला एक तुकडा हिलमारच्या मांडीत घुसला. काकूंनी आपल्या कमरेचा पट्टा सोडून त्याची मांडी आवळली, माती आणायच्या घसरगाडीवर त्याला आडवा केला आणि दोरी खांद्यावर घेऊन मागच्या उताराने खाली निघाल्या. त्या तेव्हा बावन्न वर्षांच्या होत्या आणि हिलमार अंगाने चांगला भरलेला होता.

"मला सोडा आणि पळा," तो म्हणाला.

"तुम्हाला सोडलं तर खालच्या वळणावर गाडी मलाच येऊन आपटेल. गप्प पडून राहा."

एक वाजला, उजेड गेला. अंधारात अनोळखी घळीत थांबणं जर्मनांना परवडणारं नव्हतं. जखमींना ओढत ते बोटीवर परतले. काकू गुहेच्या तोंडाशी पोचल्या तेव्हा मी दोरी त्यांच्या हातातून काढून घ्यायला गेले, तर बोटं उघडेनात. आस्लाउगने त्यांचे हात आपल्या काखेत धरून त्यांना बसवलं. मग म्हणाल्या, "आर्नफिनच्या आईला कोण सांगणार?" आणि तेव्हाच त्या रडल्या.

दुसऱ्या दिवशी दुपारी आर्नफिनला घळीच्या वर ठेवून त्याच्यावर दगड रचले. जमीन खणता येण्यासारखी नव्हतीच. खाली घळीत एक जर्मनही राहून गेला होता.

"त्याला समुद्रात फेका," हिलमार अंथरुणातून म्हणाला. तापाने त्याचे डोळे लाल झाले होते.

"त्या समुद्रातले मासे पुढच्या वर्षी मला लोकांना खायला घालायचेत," काकू म्हणाल्या. त्यांनी आणि मी त्याच्यावरही दगड रचले, थोड्या अंतरावर. त्याआधी काकूंनी त्याचे बूट काढून घेतले. मी नजर दुसरीकडे वळवली, तशा त्या म्हणाल्या, "बाई, आस्लाउगच्या पायात काय आहे ते पाहिलंत का? फडकी." बूट तिला मोठे झाले. त्यात त्यांनी दुप्पट गवत कोंबलं.

जर्मन पुन्हा येणार आणि जास्त संख्येने येणार, हे उघड होतं. तोर्लाइफची माणसं बिनतारी संदेश पाठवत राहिली. फेब्रुवारीच्या मध्यावर दोस्त राष्ट्रांच्या युद्धनौका बेटाजवळ आल्या. आम्ही होड्या वल्हवत त्यांच्यापर्यंत गेलो. हिलमारला जाळ्यात घालून वर खेचलं, तेव्हाही तो वर उभ्या असलेल्या खलाशांना दोरी कशी धरावी हे शिकवत होता. आम्हाला पांढरा पाव आणि गोड कोको मिळाला. काकूंच्या पोत्यात मेंढीची शेवटची मांडी होती. ती त्यांनी जहाजाच्या आचाऱ्याला दिली. तो ती शिजवायला निघाला, तेव्हा काकूंनी त्याच्या हातातली सुरी घेतली, पातळ काप काढला आणि त्याच्या तोंडात घातला. त्याने डोळे मिटले. भाषेची गरज पडली नाही.

जहाजांनी आम्हाला स्कॉटलंडला नेलं; तिथे आम्हाला चांगलं वागवलं. काकूंची एकच तक्रार होती. शहरातल्या कोळशाच्या धुराकडे बोट दाखवून त्या म्हणायच्या, "एवढी चांगली माणसं, आणि यांना धड जाळता येत नाही."

मे महिन्यात युद्ध संपलं. बेटांवर इतक्यात परतू नका, असं सरकार सांगत होतं. घरं नाहीत, धक्के नाहीत, पाण्यात सुरुंग आहेत. आम्ही ऑगस्टमध्येच परतलो. ग्रोविकात एकोणीस चुलाणी उभी होती आणि त्यांच्याभोवती गुडघाभर गवत. हिवाळा दोन महिन्यांवर आलेला. लाकूड कोणाकडेच नव्हतं. तेव्हा काकूंनी वाहत्या ओढ्याच्या वरची जागा निवडली, काठीने जमिनीवर एक गोल काढला आणि मातीच्या लाद्या कापायला सुरुवात केली. सहा खोपटं झाली. हिलमार लंगडत लाद्या वाहत होता. "वहिनी, गवत वरच्या बाजूला की खालच्या?" असं तो दर लादीला विचारायचा. आणि एकदा मी ऐकलं, छपराच्या त्या वाकड्या खांबाला त्यांच्या आईच्या भाषेत काय म्हणतात, असंही त्याने विचारलं. काकूंनी सांगितलं. त्याला उच्चार जमेना. त्यांनी पुन्हा सांगितलं.

पुढच्या वर्षी सरकारी लाकूड आलं आणि शाळा पुन्हा उभी राहिली. एकच खोली, पण खिडक्या तीन. काचा मात्र आल्या नाहीत. शरद सरला, तरी आम्ही खिडक्यांना फळ्या ठोकून दिव्याच्या उजेडात शिकवत होतो. नोव्हेंबरमध्ये काकू मासे घेऊन हॅमरफेस्ट बंदराला गेल्या आणि आठ दिवसांनी परतल्या त्या आपल्या गादीत गुंडाळलेल्या बारा काचा घेऊन. वाटेत वादळ झालं होतं. त्या स्वतः डेकवर बसून आल्या आणि गादी आत ठेवली होती. एक काच तडकली. त्याबद्दल त्या आठवडाभर खलाशांना नावं ठेवत होत्या.

जानेवारीच्या एकवीस तारखेला, दोन महिन्यांच्या अंधारानंतर, सूर्य समुद्रावर नखाएवढा वर येतो. त्या दिवशी आमच्याकडे शाळेला सुट्टी असते आणि सगळी वस्ती टेकडीवर जाते. त्या वर्षी मुलं टेकडीवर जायला तयार होईनात. त्यांना तो वर्गातून पाहायचा होता. म्हणून सगळी वस्ती शाळेतच आली. बाकांवर, जमिनीवर, दारात माणसं. आस्लाउगचा पोरगा आता अडीच वर्षांचा होता, तो हिलमारच्या खांद्यावर बसला होता. माझ्या पोटात आमचं पहिलं मूल होतं.

उजेड आला, तो तिन्ही खिडक्यांतून सरळ समोरच्या भिंतीवर पडला. मग मागून काकूंचा आवाज आला, "हिलमारभावजी, डोकं खाली घ्या. मला दिसत नाही."

त्याने घेतलं.